मैदानाभोवती एक फेरी

डेट्रॉइटजवळच्या नोव्हायमधल्या मराठी आयांनी मुलींच्या फुटबॉल क्लबाच्या होल्गर सरांचं पहिल्याच उन्हाळ्यात होळकर करून टाकलं होतं. जर्मन नाव जिभेवर बसेना, आणि माणूस उंच, पांढऱ्या मिशांचा, पाठीने ताठ. होळकर हे नाव त्यांना शोभूनही दिसे. ते त्यांच्या कानावर गेलं तेव्हा त्यांनी टीम मॅनेजरला, म्हणजे नीलांबरीला, विचारलं की हे होळकर कोण. आमच्याकडचं मोठं राजघराणं, ती म्हणाली. त्यांचा बचाव कसा होता, असं सरांनी अगदी गंभीरपणे विचारलं. घोडदळ चांगलं होतं, तिने सांगितलं. म्हणजे कडेने चढाई, असं म्हणून ते सरावाचे शंकू मांडायला निघून गेले. तेव्हापासून दोघांचं जमलं.

टीम मॅनेजर हे पद ऐकायला भारदस्त आहे. काम मात्र हळदीकुंकवाला कुणी काय आणायचं ते ठरवणाऱ्या बाईचं. संत्र्याच्या फोडी कोण आणणार, कुणाच्या गाडीत जागा आहे, मैदान ओलं असेल तर मेसेज कधी टाकायचा. नीलांबरीने जन्मात चेंडूला पाय लावला नव्हता. सगळा खेळ ती पोळ्या लाटताना यूट्यूबवर शिकली होती, आणि ऑफसाइड म्हणजे काय ते नवऱ्याला, उल्हासला, ओट्यावर वाट्या मांडून समजावून सांगायची. उल्हास गाड्यांचे ब्रेक डिझाइन करायचा. त्याला वाट्या कळायच्या, ऑफसाइड नाही. त्यांची मुलगी आश्लेषा मात्र वाऱ्यासारखी पळायची, आणि तिच्या पायावर आलेला चेंडू सहसा दुसऱ्याला मिळत नसे.

होल्गर सरांची गोष्ट नीलांबरीला तुकड्यातुकड्यांनी कळली होती, मैदानाच्या कडेला उभ्याउभ्या. कोळशाच्या खाणींच्या गावात जन्म. वडील खाणीत. सहाव्या वर्षी गावच्या क्लबात घातलं, कारण घरात आरडाओरडा करायला जागा नव्हती. पुढे शहरातल्या मोठ्या क्लबाच्या मुलांच्या संघात गेले, आणि आपण आता टीव्हीवर दिसणार असं घरच्यांना वाटायला लागलं. अठराव्या वर्षी उन्हाळ्याची सुट्टी संपवून परत गेले, तर कपडे बदलायच्या खोलीत त्यांच्या खुंटीवर दुसऱ्याच मुलाची बॅग. कुणी काही बोललं नाही. कपडे सांभाळणारा म्हातारा तेवढा बुटाला पॉलिश करत खाली बघत राहिला. होल्गर बॅग घेऊन ट्रामने घरी आले आणि आईला सांगितलं, आज सराव नव्हता.

मग छोट्या क्लबात, दुसऱ्या विभागात, डाव्या बाजूचा बचाव. बरीच वर्षं खेळले. एकूण गोल दोन, आणि त्यातला एक आपल्याच संघावर, हे ते स्वतःच सांगत. गुडघा गेला तेव्हा खेळ संपला. प्रशिक्षकाची परीक्षा दिली, एका संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले, संघ खालच्या विभागात घसरला, त्यांना काढलं. आणि मग ज्या मोठ्या क्लबाने त्यांची खुंटी दुसऱ्याला दिली होती, त्यानेच बोलावलं: आमची पंधरा वर्षांची मुलं घडवा. तिथे त्यांना कळलं की आपण खेळाडू बरे होतो, मोठ्यांचे प्रशिक्षक वाईट होतो, आणि मुलांसाठी जन्मलो होतो. अमेरिकेत आले ते मात्र बायकोमागे. तिला तिच्या गाड्यांच्या कंपनीने डेट्रॉइटकडे पाठवलं, हे डिपेंडंट म्हणून आले, आणि कामाची परवानगी येईपर्यंत घरी बसून सूप करायला शिकले. नीलांबरीनेही डिपेंडंट व्हिसावर अशीच वर्षं काढली होती. साठीच्या जर्मन पुरुषाला आपलं दुःख कळतं, ही तिच्या आयुष्यातली एक अनपेक्षित चैन होती.

सरांचा एक नियम होता. ट्रायआउट, म्हणजे निवड चाचण्या, झाल्या की निकाल ईमेलने जायचा नाही. ते एकेका मुलीला घेऊन मैदानाभोवती एक फेरी मारत आणि चालताचालता सांगत. समोरासमोर बसवत नसत. शेजारी चालणाऱ्याला तोंड दाखवावं लागत नाही. निवडलेल्या मुलीलाही फेरी, न निवडलेल्या मुलीलाही फेरी, सारख्याच वेगाने. त्यामुळे दुरून बघणाऱ्याला काय झालं ते ओळखता यायचं नाही. नीलांबरीला वाटे, खुंटीवरची ती बॅग हा माणूस अजून विसरलेला नाही.

या जूनमध्ये क्लब वरच्या लीगमध्ये चालला होता, आणि पहिल्यांदाच मुलींचे दोन संघ होणार होते. मंगळवारी सरांनी नीलांबरीला पहिल्या संघातली नावं सांगितली, कारण शर्टांची ऑर्डर तिला द्यायची होती. आश्लेषाचं नाव होतं. ज्ञानदाचं नव्हतं.

ज्ञानदा ही रुपालीची मुलगी. आश्लेषाची जिवलग मैत्रीण, दुसरीपासून एका बाकावर. रुपाली नागपूरची, पाच-सहा वर्षांनी लहान. नीलांबरीने तिला बर्फात गाडी चालवायला शिकवलं होतं, आणि ती नीलांबरीला ताई म्हणत असे. मार्चमध्ये रुपालीची आई गेली. नवऱ्याच्या व्हिसाचं काम अडकलेलं, स्टॅम्पिंगची तारीख मिळेना, भारतात गेली असती तर परत येता आलं असतं की नाही कुणी सांगू शकत नव्हतं. ती गेली नाही. अंत्यविधी तिने फोनवर बघितला, स्वयंपाकघरात उभी राहून. तेव्हापासून ती बोलायची, हसायची, डबे द्यायची, पण घरात गोडाचं काही केलं नव्हतं.

आणि आता हे. सर म्हणत होते की ज्ञानदाला खेळ दिसतो, इतरांच्या आधी दिसतो, फक्त पाय अजून तिथे पोचत नाहीत. पहिल्या संघात ती बाकावर बसेल. दुसऱ्या संघात रोज खेळेल, आणि तो संघही मीच शिकवणार आहे. बाकावर बसून कुणी शिकत नाही. ऐकायला सगळं पटत होतं. नीलांबरीने मान डोलावली आणि म्हणाली की रुपालीला आधी मी सांगते.

सर म्हणाले की नको, ते माझं काम. नीलांबरीने त्यांना मार्चचं सगळं सांगितलं. आमच्यात अशी गोष्ट घरी जाऊन, चहा घेत, हलकेच सांगतात, असंही सांगितलं. मनातलं एक सांगितलं नाही: तुम्ही जर्मन माणसं फार सरळ सांगता. सरांनी हातातला शंकू ढिगावर ठेवला. मग म्हणाले की बरं, पण उद्याच सांगा, आणि गुरुवारी मी मुलीबरोबर फेरी मारणारच.

बुधवारी दुपारी नीलांबरी निघाली आणि दारातून परत आली. रिकाम्या हाताने कसं जायचं? वांगी होती, पण वांगी घेऊन कुणी कुणाचं सांत्वन करत नाही. फ्रिजमध्ये मागच्या बाजूला पेढ्यांचा बॉक्स होता. मंगळवारी इंडियन ग्रोसरीतून येताना तिने तो आश्लेषासाठी घेतला होता, निकाल जाहीर झाल्यावर देवापुढे ठेवायला. तोच तिने पिशवीत टाकला. डोक्यात एवढंच होतं की रुपालीच्या घरात कधीचं कुणी गोड खाल्लेलं नाही. बरं वाटेल तिला.

चहा झाला. नीलांबरीने हवेपासून सुरुवात केली, मग नवऱ्याच्या व्हिसाची चौकशी केली, मग उन्हाळ्यातल्या क्लासेसची. वाक्य तयार होतं. गाडीत दोनदा म्हणून बघितलं होतं. तेवढ्यात रुपालीने पिशवीतून बॉक्स काढला आणि झाकण उघडलं.

ती पेढ्यांकडे बघत राहिली. मग तिने नीलांबरीकडे बघितलं, आणि तिचा चेहरा मार्चच्या आधीचा झाला.

"ज्ञानू, खाली ये," तिने जिन्याकडे तोंड करून हाक मारली. "काकू पेढे घेऊन आल्यात."

इथे बोलायला जागा होती. वीतभर होती, पण होती. अगं नाही, हे सहज आणले, एवढं म्हटलं असतं तरी पुरलं असतं. नीलांबरीच्या तोंडून बाहेर पडलं ते असं: "सर म्हणाले, हिला खेळ दिसतो."

आणि ते खोटं नव्हतं, हीच तर पंचाईत.

ज्ञानदा दोन पायऱ्या गाळत खाली आली. रुपालीने पहिला पेढा आईच्या फोटोपुढे ठेवला, दुसरा मुलीच्या तोंडात घातला आणि तिसरा नीलांबरीच्या. नीलांबरीने तो खाल्ला. चघळून, गिळून, वर पाणी पिऊन खाल्ला. मराठी बाई तोंडात पेढा असताना वाईट बातमी सांगू शकत नाही, आणि पेढा संपल्यावर ती बातमी जुनी झालेली असते.

घरी येताना तिने स्वतःशी पुष्कळ वाद घातला. फोन करून सांगू. छे, अशा गोष्टी फोनवर सांगत नाहीत. मग उद्या परत जाऊ. उद्या जाऊन काय म्हणायचं, पेढे परत दे? घरी पोचते तर सरांचा मेसेज: सांगितलंत? तिने लिहिलं, हो. त्यांनी विचारलं, मुलगी कशी आहे? तिने लिहिलं, ठीक आहे, पण उद्या यायला नको म्हणतेय. आणि रुपालीला लिहिलं की उद्या ज्ञानदाला पाठवायची गरज नाही, तिचं झालंय. दोन्ही मेसेज तिने एकाच अंगठ्याने, एकाच सोफ्यावर बसून पाठवले. मग भात लावला.

गुरुवारी ती मैदानाच्या कडेला पाण्याच्या बाटल्या घेऊन उभी होती. मुली एकेक करून सरांबरोबर फेरीला जात होत्या. सरांचा उजवा गुडघा वळणावर थोडा अडखळायचा, बाकी वेग सारखा. आश्लेषा परत आली आणि काही बोलली नाही. कुणीच बोलत नसे, तसा शिरस्ता पडला होता. शेवटी सर नीलांबरीकडे आले. म्हणाले की ज्ञानदाबरोबर चालायला मला आवडलं असतं. आणि म्हणाले की माझं सगळ्यात अवघड काम तुम्ही केलंत, थँक यू. नीलांबरीने त्यांना संत्र्याची फोड दिली. दुसरं काय देणार?

शनिवारी रुपालीचा फोन आला. नागपूरला आबांना, तिच्या वडिलांना, व्हिडिओ कॉलवर सांगितलं म्हणे. आई गेल्यापासून आबा फोनवर हो, नाही, बरं, एवढंच बोलायचे. नात मोठ्या संघात आली म्हटल्यावर हसले. चाळीस वर्षांपूर्वी आपण रेल्वेच्या मैदानावर हॉकी खेळायचो ते सगळं सांगत बसले, आणि शेजाऱ्यांना हाक मारून फोनवर ज्ञानदा दाखवली. "ताई, आबा हसले हो," रुपाली म्हणाली.

त्या दिवशी नीलांबरीने उल्हासला सगळं सांगितलं. त्याने शांतपणे ऐकलं आणि ब्रेकवाल्या माणसाला न शोभणारा सल्ला दिला. म्हणाला की एक पोरगी जास्त घेतली तर होळकरांचं काय जातंय? पंगतीत एक पान वाढतंच की. तू जाऊन सांग, ऐकतील ते तुझं. नीलांबरीला हे इतकं पटलं की रविवारी तिला चक्क झोप लागली.

सोमवारी पहिला सराव. ती बरीच आधी मैदानावर गेली. आश्लेषाला तिने बुटाच्या नाड्या बांधायला बाकावर बसवलं आणि सरांना गाठलं. ते दव पडलेल्या गवतात शंकू मांडत होते. हातातले शंकू एकात एक घालून ते ऐकत राहिले. तिने सगळं सांगितलं: पेढे म्हणजे आमच्यात काय, मी काय बोलले नाही, तुम्हाला काय लिहिलं, तिला काय लिहिलं. आणि शेवटी पंगतीतलं ते जादा पान.

सर म्हणाले की लीगने संघातल्या खेळाडूंचा आकडा ठरवून दिलेला आहे. आणि नसता तरी मी तिला घेतलं नसतं. "तुम्हाला वाईट वाटतंय म्हणून ती वर्षभर बाकावर बसेल?"

मग एकच वाट उरली होती, आणि ती नीलांबरीला स्वच्छ दिसत होती. आश्लेषाला दुसऱ्या संघात टाका आणि ज्ञानदाला वर घ्या. निदान तेवढं म्हणून तरी बघावं. सर नाहीच म्हणणार, पण म्हणून तरी बघावं. तिने बाकाकडे पाहिलं. आश्लेषा दुसऱ्या बुटाची नाडी ओढत होती. शब्द ओठांपर्यंत आले आणि तिथूनच मागे फिरले. आपण सगळं मागितलं, हे तेवढं मागितलं नाही, हे तिचं तिलाच कळलं, आणि सरांनाही कळलं असावं, कारण त्यांनी नजर दुसरीकडे वळवली.

मग त्यांनी तिला एक गोष्ट सांगितली. तुटक इंग्रजीत, शंकू या हातातून त्या हातात घेत.

त्यांच्याकडे पंधरा वर्षांच्या मुलांचा संघ होता तेव्हा टोर्स्टन नावाचा एक मुलगा होता. त्याला काढायचं ठरलं. पण त्याच महिन्यात त्याचे वडील कामाला होते ती खाण बंद झाली होती. सरांनी ठरवलं, या आठवड्यात नको. पुढच्या आठवड्यातही नको वाटलं. मुलगा सगळा उन्हाळा सरावाला येत राहिला, सगळ्यांच्या आधी यायचा, जाळी बांधायला मदत करायचा. मग संघाचा फोटो काढायचा दिवस आला. खुर्च्या मोजून मांडल्या होत्या. सगळे बसले आणि टोर्स्टन उभा राहिला. त्याला वाटलं, एक खुर्ची चुकून कमी पडली. तो धावत कॅन्टीनमध्ये गेला आणि स्वतःच एक खुर्ची घेऊन आला.

"त्याला फोटोवाल्याने सांगितलं," सर म्हणाले. "मी तिथेच उभा होतो."

पुढे कितीतरी वर्षांनी ते गाडीचे टायर बदलायला एका दुकानात गेले, तर तिथे टोर्स्टन. काम चोख केलं त्याने. पैसे देताना सरांना अजून प्रशिक्षक साहेबच म्हणाला, चिडून नाही, सवयीने. ते सगळ्यात वाईट होतं, असं ते म्हणाले.

नीलांबरीला इतके दिवस वाटत होतं की या फेऱ्या त्या खुंटीवरच्या बॅगेतून आल्या आहेत. हा माणूस स्वतःवर झालेला अन्याय मुलींवर होऊ देत नाही, असं तिने कितीतरी आयांना कौतुकाने सांगितलं होतं.

"मंगळवारी तुम्ही म्हणालात, मी सांगते," सर म्हणाले. "मी नाही म्हणायला हवं होतं. मला आनंद झाला. दर वर्षी मला ही फेरी नको असते, आणि तुम्ही ती माझ्या हातातून घेतलीत. मला आनंद झाला, नीलांबरी."

ते तिचं नाव पूर्ण आणि बरोबर उच्चारत. क्लबात असं करणारे ते एकटेच गोरे होते.

तेवढ्यात रुपालीची गाडी पार्किंगमध्ये शिरली. सरांनी शंकू खाली ठेवले. मुलीला मी सांगतो, ते म्हणाले, ते माझंच आहे. आईकडे तुम्ही जा. आणि जाताजाता म्हणाले की आधी हवापाणी नको.

ज्ञानदा दार उघडून पळत आली. पायात नवे बूट होते, झगझगीत केशरी. काकूकडे बघून तिने हात हलवला आणि सरांपुढे जाऊन उभी राहिली. सर तिला काहीतरी म्हणाले, आणि दोघं मैदानाच्या कडेने चालायला लागले. आधी ती त्यांच्या पुढेपुढे, मग हळूहळू त्यांच्या पावलाला पाऊल लावून.

नीलांबरी गाडीपाशी गेली, पुढचं दार उघडलं आणि रुपालीच्या शेजारी बसली. रुपालीने फोन खाली ठेवला आणि काही बोलणार तोच नीलांबरी म्हणाली:

"ज्ञानदाची पहिल्या संघात निवड झालेली नाही. मला मंगळवारपासून माहीत होतं. बुधवारी तेच सांगायला आले होते आणि सांगितलं नाही."

गाडीचं इंजिन चालूच होतं. रुपालीने ते बंद केलं. ती समोरच्या काचेतून बघू लागली. मैदानाच्या पलीकडच्या टोकाला एक उंच आकृती आणि एक केशरी बुटांची आकृती दिसत होती.

"आश्लेषा?" तिने विचारलं.

"आहे."

रुपालीने मान हलवली. मग ती बोलायला लागली, अगदी साध्या आवाजात, भाजीचा भाव सांगावा तशी. म्हणाली की फेब्रुवारीभर दादा फोनवर सांगायचा, आई बरी आहे, थोडा अशक्तपणा आहे. डॉक्टरांनी महिना दिला होता, ते सगळ्यांना माहीत होतं. शेजारच्या काकूंना माहीत होतं. एकटी मीच होते जिला माहीत नव्हतं. मला त्रास नको म्हणून. कळलं असतं तर मी गेले असते. व्हिसा गेला असता तरी गेले असते. "तुम्हाला वाटतं ना ताई, की मी व्हिसापायी राहिले? सगळ्यांना तसंच वाटतं. मीही तसंच सांगते. दादाचं नाव कशाला खराब करायचं."

नीलांबरीला माफ कर म्हणायचं होतं. पण हे म्हटलं की रुपाली असू दे म्हणणार, तिला ते म्हणावंच लागणार, आणि मग तेही तिच्याकडून घेतल्यासारखं होईल. म्हणून ती नुसती बसून राहिली. एकदा तिने दाराच्या मुठीला हात लावला, तेव्हा रुपाली म्हणाली, "उतरू नका. ती येईपर्यंत बसा."

दोघी बसल्या. फेरी नेहमीपेक्षा हळू चालली होती. तिसऱ्या कोपऱ्यावर ज्ञानदा थांबली, खाली बसली, बूट काढल्यासारखं काहीतरी केलं. सरही थांबले, आणि तो गुडघा वाकवून मोठ्या कष्टाने तिच्या शेजारी गवतात बसले. काय बोलले ते इथून कळण्यासारखं नव्हतं. मग दोघं उठली. उठताना तिने त्यांना हात दिला.

ती आली, मागचं दार उघडून बसली, आणि सीटबेल्ट लावला. डोळे लाल होते, पण रडणं मैदानावरच उरकलं होतं.

"काकू," ती म्हणाली, "डिड आश्लेषा नो?"

"नाही," नीलांबरी म्हणाली. "तिला माहीत नव्हतं. फक्त मला."

"ओके." तिने पाय सीटवर घेतले. "कोच सेज मी उद्यापासून यायचं. सेकंड टीम." आणि मग खिडकीबाहेर बघत, "बट ही सेड आय डोन्ट हॅव टू डिसाइड टुडे."

नीलांबरी उतरली. दार लावायला वळली तेव्हा रुपालीने काच खाली केली.

"आज रात्री साडेआठला मी नागपूरला फोन लावते. तिकडे आबा फिरायला जायच्या आधी." तिने गाडी सुरू केली. "त्यांना तुम्ही सांगायचं."

नीलांबरीच्या जिभेवर बघू आलं होतं. अगं, एवढ्यात कशाला, त्यांना सावकाश सांगू, हेही आलं होतं.

"येते," ती म्हणाली.

रात्री साडेआठला नोव्हायमध्ये अजून लख्ख उजेड होता. रुपालीच्या घरी जाताना तिने या वेळी हातात काही घेतलं नाही, आणि गाडीतून उतरून दारापर्यंत चालताना ते रिकामे हात कुठे ठेवावेत ते तिला कळेना. रुपालीने दार उघडलं, चहाचं विचारलं नाही, आणि तिला जेवणाच्या टेबलाशी बसवलं. ज्ञानदा जिन्याच्या मधल्या पायरीवर बसली होती, गुडघे छातीशी घेऊन. वर जा, असं तिला कुणी म्हटलं नाही. रुपालीने फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा केला आणि स्वतः बाजूला सरकली. पडद्यावर नीलांबरीचा एकटीचा चेहरा उरला. रिंग वाजत राहिली.

मग नागपूरची पहाट उजळली. पांढरे केस, खांद्यावर गमछा, चष्मा पुसायची घाई. आबांनी पडद्याजवळ इतकं तोंड आणलं की नुसतं कपाळ दिसायला लागलं.

"कोण? नीलांबरीताई का जी? या, या. काय म्हणते आमची खेळाडू?"

"नमस्कार आबा," नीलांबरी म्हणाली. "बसून घ्या. ज्ञानदाची निवड झाली नाही. तुम्हाला जे कळलं होतं ते माझ्यामुळे चुकीचं कळलं होतं."

कपाळ मागे सरलं. पूर्ण चेहरा दिसायला लागला, आणि त्यावरून हसू उतरायला बराच वेळ लागला. नीलांबरीने नजर हलवली नाही.

"पोरगी कुठे आहे?" आबांनी विचारलं.

जिन्यावरून ज्ञानदा उठली आणि टेबलाकडे यायला लागली.